सुपाची किंमत

लक्ष्मीपूजनाच्या रात्री, पहाटेच्या अंधारात सूप वाजवून अलक्ष्मीला घराबाहेर घालवायची आपली जुनी रीत. ते सूप कोणाच्या हातचं, हे मात्र आपण कधी विचारलं नाही. यंदा ते विचारावंसं वाटतं.

कर्जत-खालापुरातल्या ठाकूरवाड्या, कातकरीवाड्या आणि बुरुडांची घरं यांनी आपल्याला सूप दिलं, रोवळी दिली, भाताची कणगी, कोंबड्या झाकायचं डालगं दिलं. आणि इरलं! बांबूच्या कामट्यांचा सांगाडा, त्यावर कौलांसारखी एकावर एक बसवलेली पळसाची पानं. लावणीला वाकलेल्या बाईची पाठ कोरडी राही आणि दोन्ही हात आवणाला मोकळे. छत्रीला हे कधी जमलं नाही. पुढे प्लास्टिकचा कागद स्वस्त मिळू लागला आणि इरलं माळ्यावर गेलं.

विणणं तर पुढचं. आधी बांबू ओळखता यावा लागतो. यंदाचा कोवळा चालत नाही, त्याला भुंगा लागतो. फार जून झाला तर कामटी वळताना मोडते. दोन-तीन वर्षांचा, पावसाळा सरल्यावर, जाणती माणसं सांगतात त्याप्रमाणे अंधाऱ्या पक्षात तोडलेला हवा. हे ज्ञान पुस्तकात नाही. आजीच्या शेजारी बसून नातीच्या बोटांत उतरतं ते.

नात आता शेजारी बसत नाही, आणि मी तिला दोष देणार नाही. फार्महाऊसवरच्या कामाची मजुरी संध्याकाळी हातात पडते. सूप मात्र दिवसभर खपून विणायचं, बाजारात न्यायचं, आणि तिथे आपण दहा रुपयांसाठी घासाघीस करायची. बांधावरची बांबूची बेटंही जमिनींबरोबर विकली गेली, कुंपणाआड गेली. त्यात कायद्याचीही आडकाठी. बांबू हे खरं तर गवत. पण 1927 च्या वन कायद्याने त्याला झाड ठरवलं होतं. वनाबाहेरच्या बांबूची त्यातून सुटका झाली ती 2017 मध्ये. वनातला बांबू 2006 च्या वनहक्क कायद्याने गौण वनउपज मानला आहे. गडचिरोलीच्या मेंढा-लेखा गावाने सामूहिक हक्क मिळवून आपला बांबू स्वतः विकून दाखवला. आपल्या ग्रामसभांनीही त्यासाठी नेटाने उभं राहायला हवं.

दिवाणखान्यात शोभेला टांगलेल्या सुपाने ही कला जगेल, असं मला वाटत नाही. ती जगेल धान्य पाखडणाऱ्या सुपाने. वाचकहो, या दिवाळीत कर्जत, नेरळ, खोपोलीच्या बाजारात एक सूप घ्या, आणि विणणारी सांगेल तीच किंमत द्या.