हुकमी वसंत

लायसेंकोच्या पुनःप्रतिष्ठेचें वारें अलीकडे पुन्हां वाहूं लागलें आहे. रशियांत गेल्या पंधरा-वीस वर्षांत त्याची भलावण करणारीं पुस्तकें निघालीं, यांत फारसें नवल नाहीं. स्वदेशाभिमानाला कोणता तरी नायक लागतोच. परंतु आमच्याकडील चांगली शिकलेली मंडळीहि ‘एपिजेनेटिक्स या नव्या शास्त्रानें शेवटीं त्याचेंच म्हणणें खरें ठरविलें’ असें बैठकींतून छातीठोकपणें सांगूं लागली आहे. पंचवीस वर्षें वर्गांत वनस्पतिशास्त्र शिकविणाऱ्या माणसाला हें ऐकत मुकाट्यानें चहा पीत बसणें जड जातें.

मूळ प्रकरण काय, तें आधीं पाहूं. थंड देशांत गहू दोन प्रकारचा असतो. वासंतिक गहू वसंतांत पेरून त्याच उन्हाळ्यांत कापतात. हिवाळी गहू शरदांत पेरावा लागतो. कोवळेपणीं कांहीं आठवडे थंडी सोसली, तरच पुढील उन्हाळ्यांत त्याला ओंबी येते. तोच गहू वसंतांत पेरला तर नुसतें गवत माजतें. (आपला रब्बीचा गहू थंडींत वाढतो खरा, पण जातीनें तो वासंतिकच, म्हणून ही अट आपल्या वाचकांस अपरिचित वाटेल.) ओलावून मोड आणलेल्या बियांना थंडी दिली तरीहि ही अट पुरी होते, हें गास्नर या जर्मन शास्त्रज्ञानें १९१८ सालींच दाखवून दिलें होतें. पुढें युक्रेनमध्यें लागोपाठ दोन वर्षें हिवाळी गहू कडाक्याच्या थंडीनें मेला. त्या टंचाईंत, १९२९ सालीं, लायसेंकोनें आपल्या शेतकरी बापाकडून भिजविलेलें बीं बर्फांत ठेवविलें व वसंतांत पेरविलें. पीक आलें, आणि वर्तमानपत्रांनीं मुलाला डोक्यावर घेतलें. या क्रियेस आपण वासंतीकरण म्हणतों. ती खरी आहे. तिच्याविषयीं कोणाचीहि तक्रार नाहीं.

खोटेपणा पुढें सुरू झाला. ही युक्ति सबंध देशाच्या शेतीला लागू करावयाची, तर तिनें उत्पन्न वाढतें कीं नाहीं हें आधीं तपासावयास नको काय? शेजारीं शेजारीं दोन वाफे, एकांत संस्कार केलेलें बीं आणि दुसऱ्यांत साधें, इतकी तरी तुलना कोणीहि मागेल. लायसेंकोनें सामुदायिक शेतांकडे प्रश्नावल्या धाडल्या आणि आलेल्या उत्तरांची बेरीज हाच पुरावा मानला. ज्या काळांत उत्पन्न घटलें असें लिहून कळविणारा व्यवस्थापक घातपाती ठरूं शकत होता, त्या काळांतील हीं उत्तरें! त्यापुढची मजल म्हणजे हिवाळी गव्हाला असें वळण लावतां येतें कीं त्याची संततीच कायमची वासंतिक होते, हा दावा. तो ज्या प्रयोगावर उभा होता त्याचा आरंभ दोन रोपांवर झाला, व त्यांतलें एक मध्येंच मेलें. माझ्या पहिल्या वर्षाच्या विद्यार्थ्यानें असली वही पुढें केली असती, तर ती मीं तशीच परत केली असती.

काळ हातांत घेणारीं झाडें कथेंत शोभतात. जे. जी. बॅलर्ड या इंग्रज लेखकानें १९६२ सालीं तशी बाग एका कथेंत लावली आहे. फूल खुडलें कीं काळ थोडा मागें सरतो. त्या कथेपायीं कोणी तुरुंगांत गेलें नाहीं.

आतां एपिजेनेटिक्स. जनुकांच्या मूळ अक्षरांना हात न लावतां त्यांच्यावर कांहीं खुणा बसतात व त्यामुळें एखादें जनुक मिटलेलें किंवा उघडें राहतें, हें खरें. अशा कांहीं खुणा वनस्पतींत पुढच्या पिढींत उतरतात, हेंहि मीं नाकारीत नाहीं. परंतु गंमत अशी कीं थंडीच्या या स्मरणाचाच सूक्ष्म अभ्यास झालेला आहे. नॉर्विच येथें कॅरोलिन डीन व त्यांचे सहकारी यांनीं ॲरॅबिडॉप्सिस नांवाच्या, मोहरीच्या कुळांतील एका चिमुकल्या रोपावर तो केला. फुलण्याला आवर घालणारें एक जनुक थंडीनें हळूहळू मिटतें आणि वसंत आल्यावरहि मिटलेलेंच राहतें. नवें बीं धरतांना मात्र ती खूण पुसली जाते. पुढच्या पिढीला थंडी पुन्हां नव्यानें सोसावी लागते. गव्हाची यंत्रणा थोडी निराळी आहे, पण तेथेंहि प्रत्येक पिढीची पाटी कोरीच. हिवाळी व वासंतिक गव्हांतला कायमचा भेद जनुकांच्या अक्षरांतलाच आहे. म्हणजे ज्या शास्त्राची साक्ष ही मंडळी काढते, तें नेमकें उलट सांगतें. साक्षीदाराला पिंजऱ्यांत उभें करण्यापूर्वीं त्याची जबानी तरी वाचावी.

वनस्पतीचा काळ आखडतां येतच नाहीं, असें माझें म्हणणें मुळींच नाहीं. गार्नर व अलार्ड या अमेरिकनांनीं १९२० सालीं, कांहीं केल्या न फुलणारी तंबाखू रोज ठराविक वेळीं अंधाऱ्या खोपटांत नेऊन फुलविली. आज दिवसाचे २२ तास दिव्यांखालीं ठेवून वासंतिक गव्हाच्या वर्षाला सहापर्यंत पिढ्या काढतात. हें सर्व रोपाची अट ओळखून साधलेलें आहे.

‘पण हाल्डेनसारखा पंडितहि त्याच्या बाजूनें होता ना?’ होता. १९४८ सालीं लायसेंकोनें सरकारी बळावर जननशास्त्राला आपल्या देशांत बंदी घडवून आणली, तेव्हां पक्षनिष्ठेपायीं हाल्डेननें त्याची बाजू सावरून धरली. तोच हाल्डेन १९५७ सालीं भारतांत आला, येथला नागरिक झाला व १९६४ सालीं भुवनेश्वरला वारला. त्याच्याविषयीं मला मनापासून आदर आहे. म्हणूनच त्याचें नांव मला आधार न वाटतां इशारा वाटतें.

लायसेंकोच्या नव्या वकिलांना माझें एवढेंच विचारणें आहे: वळण लावून कायमचा वासंतिक केलेला तो गहू आज कोणत्या बीजपेढींत आहे? ज्यानें त्याला विरोध केला तो निकोलाय वाव्हिलोव्ह १९४० सालीं पकडला गेला आणि जानेवारी १९४३ मध्यें सारातोव्हच्या तुरुंगांत उपासमारीनें मेला. त्यानें देशोदेशींहून जमविलेलें बीं मात्र सेंट पीटर्सबर्गच्या संस्थेंत अजून आहे. लेनिनग्राडच्या वेढ्यांत तेथील कांहीं माणसें भुकेनें मेलीं. तांदुळाचीं व गव्हाचीं तीं पोतीं त्यांनीं फोडलीं नाहींत.