बाकी शून्य, वाहन हत्ती

मंडळी, काळ आणि हवामान यांचं नातं सांगणारी एक थिअरी आपल्या पंचांगात दरवर्षी छापून येते. सूर्य पावसाच्या नक्षत्रात शिरला की तिथपासून चंद्राच्या नक्षत्रापर्यंत मोजायचं आणि ९ ने भागायचं. बाकी ३ उरली तर वाहन बेडूक, ६ तर उंदीर, शून्य तर हत्ती, म्हणजे धो-धो पाऊस! आम्हा प्रोग्रामर लोकांच्या भाषेत एका ओळीचा कोड.

गंमत सोडा, यातला सूर्याचा भाग एकदम पक्का आहे. चांद्र महिने मागेपुढे सरकतात, पण मृग दरवर्षी ७-८ जूनलाच लागतो. पेरणीची तयारी करायला झकास कॅलेंडर!

गोची आहे ती त्या बाकीत. या फंक्शनला गावाचं नावच लागत नाही. घाटमाथ्यावरची इगतपुरी, पर्जन्यछायेतलं सिन्नर आणि गोदाकाठचं सायखेडा, तिघांना एकच बेडूक! ऑगस्ट २०१९ मध्ये सायखेड्यात पुराचं पाणी शिरलं, ते वर त्र्यंबककडे पडलेल्या पावसाचं आणि धरणातून सोडलेलं. गावातल्या पावसाचा अचूक अंदाज असता तरी हा पूर त्यात दिसला नसता.

म्हणून माझं मत सरळ आहे. मृगाची तारीख जरूर पाळा, वाहन करमणुकीपुरतं ठेवा. नदीकाठच्या माणसाला रात्री झोपण्याआधी हत्ती की उंदीर हे कळून उपयोग नाही. गंगापूर धरणातून किती क्युसेक सुटलंय, हे वेळेत कळायला हवं.

तुम्हाला काय वाटतं?