टॅक्सीचा रंग

आमच्या चिरंजीवांना सेहेचाळिसाव्या वर्षी जुनी गाडी घ्यायची हुक्की आली. जुनी म्हणजे नुसती वापरलेली नव्हे, चाळीस वर्षांपूर्वीची मर्सिडीज. तो राहतो श्टुटगार्टजवळ. त्या गावात ही गाडी घेणं म्हणजे पैठणात जाऊन पैठणी घेण्यासारखं, असं त्याचं म्हणणं. मी गेल्या उन्हाळ्यात तीन महिने त्यांच्याकडे होते. गाड्यांतलं मला ओ की ठो कळत नाही, पण शनिवारी घरी एकटीने बसून काय करायचं, म्हणून त्याच्याबरोबर जात राहिले. तीन शनिवार गेले. त्यातून माझं एक मत तयार झालं. ते आमच्या घरात कोणाला पटत नाही, म्हणून इथे लिहिते आहे.

आधी गाडीबद्दल थोडं. त्याला हवी होती ती डब्ल्यू १२३ नावाची मालिका. १९७६ च्या सुरुवातीला ती बाजारात आली आणि १९८६ पर्यंत सुमारे २७ लाख गाड्या बनल्या. त्यातली २४० डी ही डिझेलवर चालणारी. शक्ती ७२ अश्वशक्ती, म्हणजे आपल्या आजच्या स्विफ्टपेक्षाही कमी, आणि वजन मात्र चांगलं दणकट. चढावर ती दमेकरी माणसासारखी चढते, पण थांबत नाही. टॅक्सीवाल्यांची ही लाडकी गाडी होती. हिच्या आधीच्या पिढीतली १९७६ सालची एक २४० डी ग्रीसमधल्या एका टॅक्सीवाल्याने ४६ लाख किलोमीटर चालवली आणि २००४ साली कंपनीला दिली. ती आता त्यांच्या संग्रहालयाच्या ठेव्यात आहे.

आणि इथेच रंगाचा प्रश्न येतो. पश्चिम जर्मनीत टॅक्सी पूर्वी काळ्या असत. १९७१ पासून कायद्याने त्यांना एकच रंग ठरवून दिला, हेलएल्फेनबाइन, म्हणजे फिकट हस्तिदंती. जर्मन लोकांनी रंगांनाही आकडे दिलेले आहेत, त्या यादीत हा १०१५. मर्सिडीजच्या स्वतःच्या यादीत ६२३. मला विचाराल तर तो दुधावरच्या सायीचा रंग आहे. पुढे काही राज्यांनी ही सक्ती सैल केली, तरी अजूनही तिथल्या स्टेशनाबाहेर बघावं तर सायीच्या रंगाची रांग लागलेली असते. आता तर काही जण वेगळ्या रंगाची गाडी घेतात, तिला हस्तिदंती फिल्म चिकटवतात आणि विकायच्या वेळी ती सोलून टाकतात. म्हणजे टॅक्सी होती याची खूणच राहत नाही, किंमत चांगली येते.

पहिल्या शनिवारी आम्ही पाहिली ती गाडी गडद निळी होती. आरशासारखी चकाकणारी. चिरंजीव हरखलेच. त्यांच्या डोक्यात मर्सिडीज म्हणजे अशीच! पण बरोबर त्याचा एक जर्मन मित्र होता, तो या विषयातला जाणकार. त्याने बॉनेट उघडलं आणि रेडिएटरच्या वरच्या आडव्या पट्टीवरची पत्र्याची छोटी पाटी दाखवली. तिच्यावर आकडा ६२३. मग डिकीतलं अस्तर उचललं. खाली साय. दाराचं रबर जरा बाजूला केलं, तिथेही साय. मालक म्हणाला, "हो, रंग दिलाय, पण चांगल्या माणसाकडून." खोटं बोलला नाही हे खरं. किंमत मात्र साडेअकरा हजार युरो सांगितली.

त्या मित्राने मला एक फरक समजावून सांगितला, तो मला फार महत्त्वाचा वाटला. गाडीच्या जाहिरातीत 'मूळ रंग' असं लिहिलेलं असतं त्याचे दोन अर्थ होतात. एक म्हणजे मूळ छटा. कारखान्यातून गाडी ज्या रंगाची निघाली, त्याच रंगाने ती पुन्हा रंगवलेली आहे. दुसरा म्हणजे मूळ थर. कारखान्यात जो रंग बसला तोच अजून अंगावर आहे. विकणारे पहिल्याला दुसऱ्याच्या भावात खपवतात. ओळखायचं कसं, तर जाडी मोजायचं एक हातात मावेल एवढं यंत्र मिळतं. पत्र्यावर टेकवलं की रंगाची जाडी मायक्रॉनमध्ये सांगतं. कारखान्यातला रंग साधारण १०० ते १५० भरतो. दुसरा हात दिला असेल तर आकडा वाढतो, आणि खाली लांबी भरलेली असेल तर पाचशेच्या पुढे उड्या मारतो. (आमच्याकडे लग्नाच्या मुलींचे फोटो बघताना असं यंत्र असतं तर बरं झालं असतं!)

मला यावरून आठवली ती आपली देवळं. किती जुन्या दगडी देवळांना हौसेने ऑइलपेंट फासलेला असतो. खांबावरची नक्षी भडक निळ्या-गुलाबीत बुडलेली, छिन्नीच्या खुणा बुजलेल्या. रंगवणाऱ्याची भक्ती खरी असते, पैसाही त्याने गाठीचा घातलेला असतो. पण दगड गेला तो गेला.

दुसरा शनिवार गंजलेल्या एका गाडीत वाया गेला. जॅक लावायच्या जागी बोट घातलं तर पत्रा पापडासारखा तुटला.

तिसऱ्या शनिवारी हाइलब्रॉनच्या बाजूला एका खेड्यात गेलो. मालक ऐंशीच्या घरातले, निवृत्त टॅक्सीवाले. १९८३ साली त्यांनी ही गाडी नवी घेतली, काही वर्षं टॅक्सी म्हणून चालवली, आणि मग विकवेना म्हणून घरीच ठेवली. रंग सायीचा, पण साय आता मळकट, खडूसारखी निस्तेज झालेली. उजव्या मागच्या दाराला पोचा. छपरावर टॅक्सीची पाटी बसवायला पाडलेलं भोक, त्यात रबरी बूच. डॅशबोर्डावर मीटरच्या पट्टीची दोन भोकं. आणि चालकाच्या दाराला, खिडकीच्या खालच्या कडेवर, वीतभर जागेत रंग झिजून खालचा राखाडी थर दिसत होता. मी चिरंजीवांना विचारलं, हे कशाने? त्याने विचारून सांगितलं, कोपराने. स्टँडवर गिऱ्हाइकाची वाट बघत कोपर टेकून बसायचे, त्याने.

यंत्र लावलं तर सगळीकडे शंभर-सव्वाशे, पोच्याच्या दारावर जरा जास्त. मित्र खूश. किंमत सात हजार. चिरंजीवांनी दुसऱ्याच दिवशी होकार कळवला. आणि संध्याकाळी जेवताना म्हणाले, "आता हिला छान गडद निळा रंग देऊन घेतो."

माझा घास हातातच राहिला.

त्याचं म्हणणं अगदीच टाकाऊ नाही, ते आधी सांगते. एक तर लोक हात दाखवून गाडी थांबवतात, हे खरंच होतं म्हणे. दुसरं, पाहुण्यांना सांगावं लागतं की ही टॅक्सी होती. तिसरं, कायद्याची आडकाठी नाही. तिकडे तीस वर्षांहून जुन्या आणि नीट जपलेल्या गाड्यांना १९९७ पासून 'एच' अक्षराची वेगळी क्रमांकपाटी मिळते. वर्षाला १९१.७३ युरो असा ठरलेला कर, आणि धुरामुळे जुन्या डिझेल गाड्यांना जिथे बंदी आहे अशा शहरांच्या भागातही जायला मोकळीक. त्यासाठी तज्ज्ञ गाडी तपासतो, पण त्या काळात शोभेल असा दुसरा रंग असला तरी तो सहसा अडवत नाही. सूनबाईंचं मतही निळ्याच्याच बाजूने. नातीला गुलाबी हवा होता, तो प्रस्ताव बारगळला.

माझं म्हणणं साधं आहे. २७ लाख गाड्या बनल्या, त्यांत जन्मापासून निळ्या असलेल्याही हजारो असतील. तुला निळी हवी तर निळी जन्मलेली शोध. आणखी चार शनिवार जातील, मी येईन बरोबर. पण जी हस्तिदंती म्हणून चाळीस वर्षं टिकली आणि जिच्यावरचा पहिला थर अजून शाबूत आहे, तिचा तो थर खरवडून काढायचा अधिकार सात हजार युरोंत मिळत नाही. गंज धरला तर तेवढा तुकडा कापा, जोडा, तेवढाच रंगवा. त्याला माझी ना नाही. दुखलेल्या जागी औषध लावावंच लागतं. पण इथे दुखत काहीच नाही. इथे फक्त लाज वाटते आहे.

आणि मौज अशी, की याच छंदातले श्रीमंत लोक रंगाच्या बाबतीत उलटं वागतात. पोर्शे ९११ च्या सत्तरच्या दशकातल्या गाड्या हिरव्या, नारिंगी, जांभळ्या असत. पुढे लोकांना ते रंग पोरकट वाटले, म्हणून कितीतरी गाड्या लाल-काळ्या करून घेतल्या. आता त्याच गाड्या भरपूर पैसे मोजून परत हिरव्या-नारिंगी करतात, कारण दुर्मिळ मूळ रंगाला भाव आला. तिथे मूळ रंगाचं कौतुक आहे ते भावाचं. हस्तिदंतीला कोण भाव देणार? टॅक्सीचा रंग तो. म्हणूनच तो ठेवायला जरा जास्त हिंमत लागते.

आता माझ्यावर येते. हे वाचणारी घरची मंडळी आहेत, त्यांना माहीत आहे ते लिहायला हरकत नाही. माझा थोरला भाऊ, आमचा दादा, मुंबईत टॅक्सी चालवायचा. फियाट, काळी, वर पिवळं छप्पर. माझं बी.ए. त्याच्या टॅक्सीवर झालं. फी, पुस्तकं, वसतिगृहाचे पैसे, सगळं. त्याचा उजवा हात डाव्यापेक्षा कायम काळा असायचा, खिडकीत ठेवून ठेवून. आणि माझं लग्न ठरत होतं तेव्हा पाहुण्यांना आमच्या घरात काय सांगितलं गेलं? "मोठ्या मुलाचा वाहतुकीचा व्यवसाय आहे." मी तिथेच होते, चहाचा ट्रे हातात होता, आणि मी काही बोलले नाही. पुढे शाळेतही बरोबरच्या बाईंनी विचारलं तर मी तेच सांगत राहिले. बरीच वर्षं. दादा हे जाणून होता. त्याने एकदाही विषय काढला नाही.

तर मी जेवणाच्या टेबलावर चिरंजीवांना हे सांगितलं. त्याला मामा टॅक्सी चालवायचा हे माहीत होतं, ट्रेची गोष्ट माहीत नव्हती. तो म्हणाला, "आई, पण ही गाडी मामाची नाहीये." ते खरं आहे. जर्मनीतल्या कुणा एका टॅक्सीवाल्याच्या कोपराची काळजी मला का असावी, याचं तर्काला धरून उत्तर माझ्याजवळ नाही. मला ती आहे.

गाडी घरी आल्यावर दुसऱ्या रविवारी त्याने पॉलिश आणलं. हे काम मला बघायला आवडलं. त्या काळातल्या साध्या रंगांवर पारदर्शक थर नसायचा, रंगच वरचा थर. त्यामुळे फडक्याने घासलं की फडकंच सायीच्या रंगाचं होत जातं. वरची मेलेली पापडी निघते आणि खालचा रंग उजळतो. अर्थात दर वेळी थोडा थोडा कमीही होतो, म्हणून असं फार वेळा करता येत नाही. दोन तासांत बॉनेटचा अर्धा भाग असा झळकला की चिरंजीव मागे सरकून बघत उभे राहिले. निळ्याचा विषय त्या दिवशी निघाला नाही. पण कोपराच्या जागी त्याला हात लावू नकोस म्हटलं, तर म्हणाला, तिथे घासलं तर पत्राच लागेल, मला कळतं तेवढं.

मग त्याने दादाला व्हिडिओ कॉल लावला. दादा आता त्र्याऐंशीचा, डोंबिवलीला मुलीकडे असतो. ऑक्टोबर २०२३ मध्ये मुंबईतली शेवटची पद्मिनी टॅक्सी रस्त्यावरून गेली, त्या दिवशी दिवसभर टीव्हीसमोर बसून होता, असं भाची सांगत होती. चिरंजीवांनी त्याला फोन फिरवून फिरवून गाडी दाखवली. दादाने बराच वेळ नुसतं बघितलं. मग विचारलं, "मीटर कुठे होता रे?" त्याने डॅशबोर्डावरची भोकं दाखवली. "आत होय," दादा म्हणाला, "आमचा बाहेर असायचा, डाव्या मडगार्डाजवळ. पावसात फडकं बांधायला लागायचं." आणि मग, "भोकं बुजवू नको. पाणी जात नाही ना आत? मग राहू दे."

माझ्या दीड तासाच्या भाषणाने झालं नव्हतं ते एवढ्याने झालं असं मात्र समजू नका. रंगाऱ्याकडे सप्टेंबरची तारीख घेतलेली होती, ती चिरंजीवांनी पुढे ढकलली. रद्द केलेली नाही. कारण विचारलं तर सांगितलं, काचा आणि पट्ट्या उतरवून नीट रंग द्यायचा खर्च गाडीच्या किमतीएवढाच येतो आहे. नाताळात तो पुण्याला येईल तेव्हा पुन्हा बसू वाद घालायला. दादालाही बोलावून घेणार आहे मी त्या वेळी.