एकट्याचें पोहणें

पाण्यांत एकटें पोहणाऱ्यास स्वदेहाची जी ओळख पटते, ती पुस्तकांतून पटत नाहीं. श्वास भरून घेतला कीं शरीर वर येतें, सोडला कीं खालीं जातें. भयानें ताठलेलें अंग सैल केलें कीं पाणीच आधार देतें. देह हें देवाचें मंदिर होय, ही पौलाची शिकवण तेथें अनुभवास येते.

पालकांचें भय रास्त आहे, हें आम्ही मान्य करितों. पवना व इंद्रायणी सांडपाण्यानें मलिन झाल्या आहेत. आळंदीस अनेकदां पाण्यावर फेस तरंगतो. कुंडमळ्याच्या खडकांतील खोल कुंडें वरून दिसत नाहींत. परंतु नुसत्या मनाईनें मुलगा पाणी सोडीत नाहीं, चोरून जातो. आणि चोरून गेलेल्याची हांक ऐकणारा कोणी नसतो.

म्हणून आमचें मत असें कीं, मुलामुलींनीं प्रथम महानगरपालिकेच्या तलावांत शिक्षकाजवळ शिकावें. मग स्वच्छ व माहितीच्या पाण्यांत, पूर नसतांना, वडील मंडळींस घेऊन जावें. वडिलांनीं कांठावर मुकाट्यानें बसावें.

विद्यार्थिमित्रहो, पाण्यांत एकटे असा, परंतु कांठ सुना ठेवूं नका.