कागदी शाखांचा खरा दोष

आयर्लंडमधल्या पक्षांच्या स्थानिक शाखा नावापुरत्या उरल्या, असे म्हणणाऱ्यांकडे एक हुकमी दाखला असतो. २०१७ साली फिना गेल पक्षाच्या नेतेपदासाठी मतदान करणाऱ्या सदस्यांपैकी सुमारे ६५ टक्क्यांनी सायमन कोव्हनी यांना मत दिले. नेते मात्र झाले लिओ वराडकर. पक्षाच्या नियमात संसदीय पक्षाच्या मतांना ६५ टक्के वजन होते, सदस्यांच्या मतांना २५ आणि नगरसेवकांच्या मतांना १०. मग शाखेत जाऊन करायचे काय? चर्चच्या दारात वर्गणीचा डबा घेऊन उभे राहायचे?

दाखला खरा आहे, निष्कर्ष घाईचा.

वराडकरांचीच वाटचाल पाहावी. मालवण तालुक्यातल्या वराडचे मूळ असलेल्या घराण्यातले हे गृहस्थ १९९९ ची स्थानिक निवडणूक हरले होते. २००३ मध्ये सिनेटर शीला टेरी यांच्या जागी ते फिंगल काउंटी कौन्सिलवर आले, तेही मतदारांसमोर न जाता. तिथे नगरसेवकाची जागा रिकामी झाली की पोटनिवडणूक होत नाही. ज्या पक्षाची जागा, त्याचाच माणूस घेतला जातो. पुढच्याच वर्षी त्यांनी ती जागा घसघशीत मतांनी राखली. वराडकरांना पंतप्रधानपदापर्यंत नेणाऱ्या जिन्याची पहिली पायरी स्थानिक संघटनेतच होती.

आक्षेपकांचा दुसरा मुद्दा अधिक वजनदार आहे. १९२६ मध्ये फियाना फॉइल पक्ष स्थापन झाल्यावर शॉन लेमास आणि जेरी बोलंड यांनी गावोगाव हिंडून ‘कुमन’ म्हणजे शाखा उभारल्या. प्रत्येक कुमन उमेदवार निवडीच्या सभेला ठराविक प्रतिनिधी पाठवी, सदस्य दहा असोत की शंभर. साहजिकच महत्त्वाकांक्षी मंडळींनी भाऊबंद आणि शेजारी गोळा करून कागदी कुमन जगवले. हे झाकण्यात अर्थ नाही. पण दोष शाखेचा नव्हता, मोजणीचा होता: मत माणसाला नव्हे, शाखेला होते. फिना गेलने १९९० च्या दशकात आणि फियाना फॉइलने २०१२ मध्ये उमेदवार निवडीसाठी ‘एक सदस्य, एक मत’ स्वीकारले, तेव्हा कागदी कुमनचा भाव उतरला.

शाखांचे उरलेले काम डब्लिनच्या कार्यालयातून होण्यासारखे नाही. आयर्लंडमध्ये एका मतदारसंघातून तीन ते पाच खासदार निवडले जातात आणि मतदार पसंतीक्रम देतात, त्यामुळे एकाच पक्षाचे उमेदवार एकमेकांची मते खातात. किती जण उभे करायचे, कोणत्या गावाने पहिली पसंती कोणाला द्यायची, ही वाटणी तिथलाच कार्यकर्ता जाणतो. शिवाय २०२० चे तीन पक्षांचे सरकार सदस्यांच्या संमतीनंतरच बनले. ग्रीन पक्षाला तर दोन-तृतीयांश पाठिंबा लागत होता.

मुख्यालयाचा हस्तक्षेप सरसकट वाईट, असेही नाही. ४० टक्के उमेदवार स्त्रिया नसतील तर पक्षाचे निम्मे सरकारी अनुदान जाते, आणि ही बेरीज देशपातळीवरच जुळवावी लागते. हरकत आहे ती शाखेने मतदान केल्यानंतर वरून नाव घुसडण्याला. स्त्री उमेदवाराची अट असेल तर ती सभेआधी, कारणासह, लेखी कळवणे पक्षांवर बंधनकारक व्हायला हवे.