दाव्यात राहून गेलेली मागणी

गेल्या महिन्यात एका रविवारी विहारात वंदना आटोपल्यावर पवईच्या आमच्या वस्तीतील एक बाई कागदांची पिशवी घेऊन माझ्यापाशी आल्या. नवरा वारलेला, खोली त्याच्या नावावर, आणि दीर म्हणतो खोली माझी. "मला खोलीतून काढू नये" असा मनाई हुकूम मागून बाईंनी दिवाणी दावा लावला होता. दावा चालू असतानाच त्या आजारी आईला बघायला गावी गेल्या. परत येतात तो दाराला दिराचे कुलूप. "भाऊ, पोलीस म्हणतात कोर्टात जा. अहो, कोर्टात तर केस आहेच ना?"

मी वकील नाही. बी.कॉम. झालेला साधा कारकून आहे, पण कागद शेवटपर्यंत वाचायची सवय नोकरीने लावली. दावापत्र इंग्रजीत होते. बाईंनी सही केली होती. आत काय लिहिले आहे हे त्यांना कोणी मराठीत सांगितले नव्हते. मागणी एकच, काढू नये. आता तर काढलेच आहे! उद्या त्या जिंकल्या तरी ताबा मिळणार कसा? तो मागितलेलाच नाही. शिवाय खोलीचा नंबर १७ च्या जागी ७१ पडलेला.

दिवाणी कोर्ट कागदावर चालते. दावापत्रात किंवा कैफियतीत जे मांडलेले नाही, त्याचा पुरावा सहसा विचारात घेतला जात नाही. आणि जे मांडले आहे ते सिद्ध करावे लागते. महाडच्या चवदार तळ्याबद्दल स्पृश्यांनी बाबासाहेबांवर व त्यांच्या सहकाऱ्यांवर १९२७ साली दावा लावला. अस्पृश्यांना तळे बंद ठेवण्याची रूढी अनादी काळापासूनची आहे, हे त्यांना शाबीत करता आले नाही आणि १७ मार्च १९३७ रोजी ते हायकोर्टातही हरले.

मग कागदातली चूक कायमचीच का? नाही. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या ऑर्डर ६, नियम १७ प्रमाणे वादी असो वा प्रतिवादी, आपले म्हणणे दुरुस्त करण्याची परवानगी मागू शकतो. याबाबत आपल्या मुंबई हायकोर्टाचा १९०९ सालचा एक निकाल वकील मंडळी आजही दाखवतात. वादीने भागीदारीच्या करारापोटी ४००१ रुपयांचे कापड दिले होते. त्याने भागीदारी मोडून हिशेब मागितला. कोर्ट म्हणाले, कापड दिले हे खरे, पण भागीदारी झालीच नाही. अपिलात त्याने निदान रक्कम तरी द्या, अशी मागणी जोडू मागितली. तोवर मुदत उलटून गेली होती, तरी दुरुस्ती मान्य झाली, कारण मागणी नवी नव्हती, हकीगत तीच होती. खऱ्या वादाचा निकाल लागण्यास दुरुस्ती आवश्यक असावी आणि समोरच्यावर अन्याय होऊ नये, ही न्यायमूर्ती बॅचलर यांची कसोटी सुप्रीम कोर्टाने १९५७ साली उचलून धरली.

पण एक मेख आहे. १९९९ च्या कायद्याने हा नियम काढून टाकला होता. वकिलांनी मोठा विरोध केला, तेव्हा १ जुलै २००२ पासून तो परत आला, पण अट घालून. सुनावणी सुरू झाल्यावर दुरुस्ती हवी असेल, तर योग्य ती काळजी घेऊनही आधी हे मांडता आले नाही, अशी कोर्टाची खात्री पटवावी लागते. पुराव्याचे प्रतिज्ञापत्र दाखल झाले की सुनावणी सुरू झाली, असे सुप्रीम कोर्टाने २००८ साली सांगितले. मुंबईतल्या एका बिल्डरच्या १९८६ सालच्या दाव्यात नुकसानभरपाईचा आकडा १ कोटी १ लाखावरून ४०० कोटी १ लाखावर नेण्याची दुरुस्ती सुप्रीम कोर्टाने २०२२ साली कायम केली. तो दावा २००२ च्या आधीचा, त्याला ही अट लागू नव्हती. त्याच्या भरवशावर आपण बसू नये.

दुरुस्तीचा अर्ज लेखी द्यायचा, काय गाळायचे व काय घालायचे ते नेमके लिहून. समोरच्याचे ऐकून कोर्ट हुकूम देते, कधी खर्चही भरायला लावते. हुकूम मिळाला म्हणून घरी बसू नका. त्यात मुदत दिली नसेल तर १४ दिवसांत मूळ दावापत्रात दुरुस्ती करून घ्यावी लागते. इथेच पुष्कळ लोक फसतात. ती मुदत गेली की पुन्हा मुदत वाढवून मागण्यासाठी कोर्टाचे पाय धरा. आणि पूर्वी कबूल केलेली गोष्ट दुरुस्तीच्या नावाखाली पुसून टाकायला कोर्ट सहज परवानगी देत नाही.

बाईंचा प्रश्न पैशाचा होता. पहिल्या वकिलाची फी अजून थकलेली. १९८७ च्या विधी सेवा कायद्याने स्त्रियांना आणि अनुसूचित जातींना उत्पन्नाची अट न घालता मोफत वकील मिळतो. अनुसूचित जातीतून बौद्ध झालेल्यांनाही १९९० पासून तो दर्जा आहे. जातीचा दाखला नसला तरी बाई म्हणून हक्क आहेच. आम्ही दोघांनी जाऊन अर्ज भरला.

नव्या वकीलबाईंनी आधी तारखा विचारल्या. मुद्दे निघाले आहेत, पुराव्याचे प्रतिज्ञापत्र अजून दिलेले नाही. कुलूप दावा लावल्यानंतरचे, म्हणजे ही हकीगत आधी लिहिणे शक्यच नव्हते. ताबा परत मिळावा ही मागणी आणि खोलीचा खरा नंबर, दोन्ही एकाच अर्जात घातले. सही करण्यापूर्वी बाईंनी तो मराठीत वाचून घेतला, दोनदा. दिराचे म्हणणे ऐकण्यासाठी पुढची तारीख पडली आहे. तोवर बाई बहिणीकडे राहतात, घाटकोपरला.