चेंडू चालतो, पंगत चालत नाही!

३१ ऑक्टोबर १९५० रोजी अर्ल लॉइड एनबीए या अमेरिकी व्यावसायिक बास्केटबॉल स्पर्धेत उतरणारा पहिला कृष्णवर्णीय खेळाडू ठरला. त्याच्या हातचा चेंडू गोऱ्यांना चालला. फोर्ट वेनच्या हॉटेलात त्याची पंगत मात्र चालली नाही. आमच्या वाचकांना यात नवल ते काय? चांभार घरातल्या बाळू पालवणकरांनी पुण्यात हेच भोगले. सवर्ण त्यांच्यासोबत खेळत, चहा मात्र बाहेर, मातीच्या भांड्यात! १९११ च्या इंग्लंड दौऱ्यात त्यांनी ११४ बळी घेतले, तरी हिंदू संघाचे कर्णधारपद त्यांना रीतसर कधीच मिळाले नाही. ते १९२३ मध्ये धाकट्या विठ्ठलला मिळाले, तेही १९२० मध्ये भावंडांनी जाहीर निषेध करून माघार घेतल्यावर. (१९३७ ला काँग्रेसने याच बाळूंना बाबासाहेबांविरुद्ध उभे केले. बाबासाहेब जिंकले.)

लॉइड १९७१ मध्ये डेट्रॉइट संघाचा मुख्य प्रशिक्षक झाला. संघ निवडणारी खुर्चीच त्याच्याकडे आली. अहिल्यानगर जिल्ह्यातल्या आपल्या वस्त्यांतील पोरापोरींना मैदान हवेच. पण शालेय स्पर्धांपासून जिल्हा संघापर्यंत निवड समितीच्या खुर्चीवर आपले किती जण बसतात, हा जाब पालकांनी आणि कार्यकर्त्यांनी क्रीडा संघटनांना लेखी विचारावा.